‘जेवले का?’ ‘हो.’ ‘बरं, ठेवतो मग.’

वाचकांचे प्रश्न

या वेळच्या टपालात सहा पत्रं एकाच दुखण्याची होती आणि त्यांतल्या एकातही ‘एकटेपणा’ हा शब्द नव्हता. ‘करमत नाही’, ‘घर खायला उठते’, ‘बोलावं कोणाशी’ असं लिहिलं होतं. नावं आणि गावं गाळून फक्त तालुके ठेवले आहेत. पत्रं थोडी आखूड केली आहेत.

प्रश्न : आई जाऊन आठ महिने झाले. बाबा ७१ वर्षांचे, गावी एकटे. मी चाकणला कंपनीत आहे. रोज रात्री आठला फोन करतो. ‘जेवले का?’ ‘हो.’ ‘तब्येत?’ ‘बरी आहे.’ ‘बरं, ठेवतो मग.’ दीड मिनिटात विषय संपतो. पुण्याला चला म्हटलं तर येत नाहीत. आता तर बऱ्याचदा फोनच उचलत नाहीत. राग आहे का माझ्यावर? (दर्यापूर तालुका, अमरावती)

उत्तर : रागाचं नंतर बघू, आधी कान तपासा. वयामुळे येणाऱ्या बहिरेपणात सगळा आवाज एकदम कमी होत नाही. आधी बारीक, उंच आवाज जातात. स, श, फ, थ ही अक्षरं पुसट होतात आणि माणूस म्हणतो, ‘ऐकू येते, पण समजत नाही.’ समोर बसलेल्याचे ओठ बघून तो अंदाज बांधतो, म्हणून पारावर त्याचं ठीक चालतं. साध्या मोबाइल कॉलमध्ये मात्र बऱ्याचदा साधारण ३०० ते ३४०० हर्ट्‌झ एवढाच पट्टा पोचतो आणि ‘स’चा बराच भाग त्याच्या वर राहतो. ओठही दिसत नाहीत. अशा वेळी प्रत्येक प्रश्नाला ‘हो’ आणि ‘बरी आहे’ हीच बिनधोक उत्तरं. काही दिवसांनी तेही नकोसं होतं आणि फोन वाजत राहतो.

पुढच्या खेपेला गावी गेलात की एवढं करून बघा. बाबांच्या मागे हातभर अंतरावर उभे राहा. त्यांना एका कानाच्या भोकावर बोट दाबून हळू चोळत ठेवायला सांगा. तुम्ही पूर्ण श्वास सोडून कुजबुजत तीन शब्द म्हणा, ‘सात, फणस, चार’ असे. मग दुसरे तीन. सहापैकी तीनही सांगता आले नाहीत तर उघड्या कानाची तपासणी हवी. दोन्ही कान असेच बघा. जिल्हा रुग्णालयाच्या नाक-कान-घसा विभागात आधी मळ बघतात. मळ काढला की झालं असं वाटतं, पण बऱ्याचदा तसं नसतं, म्हणून ऑडिओमेट्री, म्हणजे यंत्रावरची श्रवणतपासणी, करूनच या.

श्रवणयंत्र लागलं तर ते डबीत पडून राहण्याची कारणं ठरलेली आहेत. पहिल्या दिवशी ताटवाटीचा खणखणाट, पंख्याची घरघर, सगळं अंगावर येतं. म्हणून पहिला आठवडा शांत घरात रोज एक-दोन तासच लावायचं आणि मग वेळ वाढवायची. यंत्राचा साचा कानात रुतत असेल तर तो घासून मिळतो, सहन करत बसू नये. बटणासारखे सेल हवेवर चालतात. वरची चिकटपट्टी काढली की सेल सुरू झाला, पट्टी परत लावून तो वाचत नाही. पट्टी काढल्यावर मिनिटभर थांबून मग यंत्रात टाकायचा. एक सेल आठवडाभर धरा, आणि तालुक्याला मिळतीलच असं समजू नका. चाकणहून येताना सहा महिन्यांचे आणा. ६५ वर्षांवरच्या आणि वर्षाला दोन लाखांच्या आत उत्पन्न असलेल्यांना मुख्यमंत्री वयोश्री योजनेतून अशा साधनांसाठी एकदाच ३००० रुपये खात्यात मिळतात. चांगलं यंत्र तेवढ्यात येत नाही, पण हातभार लागतो.

आता फोन. साध्या कॉलऐवजी व्हिडिओ कॉल करा, तुमच्या तोंडावर उजेड येईल असे बसा. ओरडू नका, ओरडल्याने शब्द फाटतात. जरा जाड आवाजात, सावकाश बोला. आणि ‘जेवले का’ बंद. ज्याचं उत्तर हो-नाहीत संपतं, त्याने बोलणंही तिथेच संपतं. ‘विहिरीचं पाणी किती हातावर आलं?’ ‘तूर कोणाच्या धुऱ्यापर्यंत वाळली?’ असं विचारा. त्याहून चांगलं म्हणजे बाबांकडे तुम्हाला द्यायची बातमी असेल अशी सोय करा. पावसाळ्यात त्यांना पाऊस मोजायचं काम द्या. उभ्या सरळ बाजूंचा, सपाट बुडाचा कोणताही डबा चालतो, तोंड लहान असो की मोठं, पाण्याची खोली तीच येते. झाड आणि भिंत यांपासून लांब, उघड्या जागी, दगडांत अडकवून ठेवायचा. रोज सकाळी साडेआठला पट्टी बुडवून मिलिमीटर बघायचे, तुम्हाला कळवायचे आणि डबा रिकामा करायचा. हवामान खात्याची मोजणीही साडेआठलाच होते आणि २.५ मिलिमीटर किंवा जास्त झाला तरच तो पावसाचा दिवस धरतात. आकडे तुम्ही वहीत उतरवा आणि ते विचारा : ‘पेरणीला एवढा पुरे का?’ पोराने सल्ला विचारला ही गोष्ट तब्येतीच्या चौकशीपेक्षा फार वेगळी लागते. पाऊस संपला की विहिरीची पातळी आठवड्यातून एकदा.

जेवणाचं. ज्या पुरुषाने उभ्या जन्मात चूल पेटवली नाही, त्याचं ‘जेवलो’ म्हणजे कित्येकदा चहा आणि टोस्ट असतो. शेजारून डबा लावला तर पोट भरतं, पण तो डबाही एकट्यानेच उघडायचा. त्याऐवजी आठवड्यातून तीन संध्याकाळी भावकीतल्या एखाद्या घरी, त्यांच्या ओसरीवर बसून जेवायचं ठरवा आणि त्याचे पैसे महिन्याच्या महिन्याला तुम्ही द्या. फुकट असेल तर चौथ्या वेळी ते जाणार नाहीत, मिंधेपणा वाटतो.

पुण्याला न्यायचं तर पंधरा दिवसांसाठी न्या, परतीचं ट्रॅव्हल्सचं तिकीट आधी काढून त्यांच्या हातात द्या. ‘कायमचे चला’ याचा अर्थ त्यांच्या कानी ‘घराला कुलूप’ असाच जातो.

दोन आठवडे बहुतेक सगळा दिवस उदास, पहाटे तीनला जाग येऊन पुन्हा झोप नाही, धोतर-सदरा सैल पडलेला, ‘आता माझं काय राहिलं’ अशी भाषा, यांतलं एकाहून जास्त असेल तर हा नुसता एकटेपणा नाही. डॉक्टरांकडे न्या. टेलिमानस या मानसिक आरोग्याच्या सरकारी मदतवाहिनीचा १४४१६ हा क्रमांक चोवीस तास आणि मोफत चालतो, मराठीत बोलतात. ज्येष्ठांसाठी १४५६७ आहे, सकाळी ८ ते रात्री ८.

प्रश्न : लग्नाला दोन वर्षं झाली. घरात सासूबाई, मामंजी, दीर, हे आणि मी. रात्री जेवणं झाली की पाच माणसं पाच मोबाइलवर. हे वावरातून येतात ते कानात वायर घालूनच. मी काही बोलले तर ‘हूं’. एकदा म्हटलं, ‘आपण बोलतच नाही,’ तर म्हणाले, ‘तुला कमी काय आहे?’ मारहाण नाही, दारू नाही. मग मलाच असं का होते? (मानोरा तालुका, वाशीम)

उत्तर : ‘आपण बोलतच नाही’ हे वाक्य ऐकणाऱ्याला आरोपपत्रासारखं लागतं. तो बचावाला उभा राहतो आणि ‘कमी काय आहे’ हा बचाव आहे. हे वाक्य पुन्हा म्हणू नका. बोलायचं म्हणून समोरासमोर बसणं आपल्याकडच्या बऱ्याच पुरुषांना जमत नाही. हात कामात असले आणि नजर कामावर असली की जमतं. तुरीच्या शेंगा सोलायच्या आहेत, भुईमूग फोडायचा आहे, हरभरा निवडायचा आहे, तो सुपात घेऊन त्यांच्या शेजारी बसा आणि अर्धा ढीग त्यांच्याकडे सरकवा. वीस मिनिटं पुरे. पहिले तीन-चार दिवस काहीच बोलणं होणार नाही, तसंच बसा. वेळ मात्र बघा. माणूस वावरातून आला, पाय धुतले, तेवढ्यात विचारू नका. चहा झाल्यावर बसा. आणि मोबाइलचे चार्जर झोपायच्या खोलीतून काढून ओसरीवरच्या बोर्डाला लावा. भांडून नाही, ‘आतला बोर्ड तापतो’ म्हणून. (थोडं खोटं चालतं.)

पण सगळं ओझं नवऱ्यावर टाकू नका. तुमच्या सासूबाई नवी नवरी होत्या तेव्हा त्यांचा नवराही बोलत नसेलच. त्यांना पाणवठा होता, जातं होतं, निंदणाला दहा-बारा जणींची रांग होती. आता नळ दारात आला, चक्की आली आणि निंदणाच्या जागी तणनाशक आलं. घागर परत डोक्यावर घ्या असं कोणी म्हणणार नाही, पण घागरीबरोबर बायकांचा बोलायचा तास गेला आणि त्याच्या बदल्यात काही आलं नाही.

गावात बचत गट असेलच, दहा ते वीस जणींचा. बऱ्याच गावांत तो आता नुसता हप्त्यापुरता उरला आहे : लेकराच्या हाती पैसे पाठवायचे, सचिव वहीत लिहिते, झालं. तिथे एकच नियम लावून घ्या : हप्ता बैठकीतच घेतला जाईल, पाठवलेला नाही. वार आणि वेळ ठरलेली, पाऊण तास. बैठकीची जागा दर आठवड्याला पुढच्या घरी जाईल. पहिल्या महिन्यात कुरकुर होते, मग बायका हप्ता नसला तरी येतात.

माहेरचा फोन सगळ्यांसमोर स्पीकरवर होत असेल तर तो फोन नव्हे, हजेरी आहे. दळणाला किंवा गोठ्यात जाताना करा. आणि यापुढे कधी फोन काढून घेणं, माहेरी जाऊ न देणं, हातात पैसा न देणं असं सुरू झालं तर तो न बोलण्याचा प्रश्न उरत नाही. १८१ या महिला मदतवाहिनीवर बोला.

प्रश्न : वय ३६, सहा एकर कोरडवाहू, लग्न जमत नाही. मुली बघायला जाणंही बंद केलं. सोबतचे सगळे लेकराबाळांचे झाले. रब्बीत रोज रात्री पीक राखायला जागलीला जातो, माचानावर एकटा. मोबाइलवर २३ ग्रुप आहेत, पण रात्री दोनला एकालाही फोन करावासा वाटत नाही. लग्नात गेलो की ‘तुमचा नंबर कधी?’ म्हणून जातच नाही. (झरी जामणी तालुका, यवतमाळ)

उत्तर : रॉबर्ट वाइस या समाजशास्त्रज्ञाने १९७३ मध्ये एकटेपणाचे दोन प्रकार वेगळे काढले : एक, आपल्या जिवाचं माणूस नसणं आणि दुसरा, ज्यांत आपण मोडतो अशी चार माणसं नसणं. पहिल्यावर दुसऱ्याचं औषध पूर्ण लागू पडत नाही, हे कबूल. जोडीदार कधी मिळेल ते आम्ही सांगू शकत नाही. पण तुमचे दोन्ही प्रकार एकत्र झाले आहेत आणि दुसरा तुमच्या हातात आहे.

जागलीपासून सुरू करा. लागून धुरे असलेले चार कास्तकार बघा. चौघं चार माचानांवर रोज एकेकटे बसण्यापेक्षा दोघं-दोघं, एक रात्र आड. मधल्या माचानावर दोघं, एकाने रात्री एकपर्यंत जागायचं, मग दुसऱ्याने. प्रत्येकाला आठवड्यात तीन-चार रात्री घरची झोप मिळते. ती कमी समजू नका. महिनाभर अर्धी झोप झाली की माणूस चिडका होतो, लोकांना टाळतो आणि आपल्याला कोणी नको असं त्याला खरंच वाटायला लागतं. हा बेत मोडतो तो दोन ठिकाणी. एकाचं वावर दोन एकर आणि दुसऱ्याचं दहा, तर रात्री सारख्या ठेवा, पण बॅटरी, चहा-साखर आणि झटका मशीनचा (कुंपणाला हलका झटका देणाऱ्या यंत्राचा) खर्च मोठ्याने करायचा. दुसरं, एखाद्या रात्री रोही (नीलगाय) किंवा डुकरं एकाच्या हरभऱ्यात शिरलीच तर कोणी कोणाला भरून द्यायचं नाही, हे आधीच बोलून घ्या. कुंपणात थेट लाइनचा करंट मात्र कोणाच्याही सांगण्यावरून सोडू नका. त्याने माणसं मरतात.

२३ ग्रुपमधून बाहेर पडायची गरज नाही. रात्री गाडी पंक्चर झाली तर ज्याला उठवाल अशा तिघांची नावं कागदावर लिहा. तीन झाली नाहीत तर जे एक झालं, त्याच्याशी आठवड्यातला एक ठरलेला वेळ धरा : बाजाराच्या दिवशी एकाच गाडीवर जायचं, एवढंच. लेकुरवाळ्या मित्राला ‘ये कधी’ म्हणून तो येत नाही. त्याचं काम घेऊन जा.

लग्नातल्या प्रश्नाला उत्तर पाठ करून ठेवा. ‘पाहणं चालू आहे काकाजी, तुमच्याकडे स्थळ असेल तर बायोडाटा देतो.’ विचारणारा तिथेच थंड होतो, कारण त्याच्याकडे स्थळ नसतं. मग पंगतीत वाढायला उभे राहा. हातात भाजीची बादली असलेल्याला कोणी बसवून विचारत नाही.

दारूचं तुम्ही लिहिलं नाही, तरी सांगतो. बरीच वर्षं रोज पीत असाल आणि सकाळी हात थरथरत असतील तर एकदम सोडू नका. पहिल्या दोन-तीन दिवसांत झटके येऊ शकतात. दवाखान्याच्या मदतीने सोडा.

प्रश्न : टीव्ही चालू असला की घरात कोणी असल्यासारखं वाटते. दिवसभर लावून ठेवते. वाईट आहे का? (लाखनी तालुका, भंडारा)

उत्तर : नाही. दारात आलेल्या माणसासाठी तो बंद करता ना? तेवढं बघा.

प्रश्न : मालक जाऊन तीन वर्षं झाली, माझं वय ४४. मजुरीला सगळ्यांसोबत जाते, पण संक्रांतीच्या हळदीकुंकवाला बोलावत नाहीत, लग्नात मागे उभं राहा म्हणतात. माणसांत असूनही नसल्यासारखं. मन कसं आवरू? (आष्टी तालुका, वर्धा)

उत्तर : ताई, मन आवरायचं तुम्ही नाही. तुम्हाला वगळलं जात आहे आणि वगळणारं गाव आहे, तर इलाजही गावातच करायला हवा. कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव घेतला आणि त्याच महिन्यात राज्य सरकारने बाकीच्या ग्रामपंचायतींना तसं करायला सांगणारं परिपत्रक काढलं. ग्रामसेवकाला हे माहीत नसेल तर सांगा.

करायचं असं. नेहमीच्या ग्रामसभेआधी महिलांची सभा घ्यावीच लागते. तिच्या विषयपत्रिकेत हा विषय यावा म्हणून चार-पाच जणींच्या सह्यांचा अर्ज दोन प्रतींत करा, एक द्या आणि दुसरीवर शिक्क्यासह पोच घ्या. ठराव मोघम नको. ‘सन्मान करावा’ असं लिहिलं तर काही होत नाही. ‘गावातल्या सार्वजनिक हळदीकुंकवाचं आणि ओटीचं आमंत्रण सर्व बायकांना जाईल’ असं लिहून घ्या. सह्यांमध्ये दोन तरी म्हाताऱ्या सवाष्ण असू द्या. विरोध त्यांच्याकडून येतो, पण त्यांची सही असली की तरुण बायका आपसूक येतात.

ठराव झाला तरी कागदावरच राहण्याची भीती आहे. म्हणून संक्रांतीला तुमच्याच अंगणात तिळगूळ ठेवा, आधी खात्रीच्या पाच जणींना सांगून. वाण म्हणून काही महाग नको, वीस रुपयांची वाटी पुरे. पाच आल्या तर पुढल्या वर्षी पंधरा येतात. एकही आली नाही तरी ठराव आणि पोच तुमच्याकडे राहतातच. पुढच्या ग्रामसभेत पुन्हा विचारायचं.

प्रश्न : मी आशा सेविका आहे. घरोघरी जाते, पण कोण आतून एकटं पडलं आहे हे ओळखायचं कसं? थेट विचारलं तर ‘आम्ही बरे आहोत’ म्हणतात. (संग्रामपूर तालुका, बुलढाणा)

उत्तर : जागतिक आरोग्य संघटनेच्या जून २०२५ च्या अहवालात जगातल्या दर सहा माणसांमागे एकाला एकटेपणा जाणवतो असं म्हटलं आहे. तेव्हा तुमच्या यादीतल्या घरांत तो असणार हे धरूनच चला. जगभर वापरली जाणारी तीन प्रश्नांची चाचणी आहे, ती आपल्या बोलीत अशी करता येते :

‘कोणी सोबतीला असावं, पण नाही, असं किती वेळा वाटते?’
‘आपल्याला कोणी मोजत नाही, बाजूला टाकलं, असं?’
‘सगळ्यांपासून तुटल्यासारखं?’

प्रत्येकाला क्वचितच = १, कधी कधी = २, नेहमी = ३. बेरीज ३ ते ९ येते. ६ किंवा जास्त आली तर त्या घरी पुन्हा जायचं. कागद हातात घेऊन विचारू नका, सरकारी सर्वेक्षण समजून सगळे ‘क्वचितच’ म्हणतात. आधी वजन-रक्तदाब बघा, मग चहा घेताना विचारा आणि आकडा बाहेर आल्यावर लिहा. सून समोर असेल तर सासूला विचारू नका, सासू समोर असेल तर सुनेला नाही. ‘मानसिक’ हा शब्द तर अजिबात नको. ‘टेन्शन’ चालतं, ते सगळ्यांनाच असतं.

गावातल्याच प्रशिक्षित माणसांनी हे काम होतं याचा दाखला तुमच्या शेजारच्या जिल्ह्यात आहे. अमरावती जिल्ह्यातल्या ३० गावांत ‘विश्राम’ नावाचा कार्यक्रम झाला, त्याचे निष्कर्ष २०१७ मध्ये प्रसिद्ध झाले. आधी नैराश्य असलेल्या शंभरांतले चारच जण कुठेतरी मदत घ्यायला जात होते, नंतर सत्तावीस जायला लागले.

बेरीज ६ किंवा जास्त आली की सल्ला देऊ नका, काम द्या. लसीकरणाच्या दिवशी बायकांना बोलावून आणायचं, अंगणवाडीच्या परसबागेला पाणी घालायचं, असं काहीतरी, ज्यात ती नसली तर कोणाच्या तरी लक्षात येईल. तीन दिवसांनी परत जा, मग आठवड्याने, मग महिन्याने. पहिल्या भेटीनंतर महिनाभर कोणी आलंच नाही, असं झालं तर ते आधीपेक्षा वाईट.

‘नको वाटते जगणं’ असं कोणी म्हणालं, किंवा म्हणालं नाही पण तुम्हाला शंका आली, तर सरळ विचारा : ‘जीव द्यायचा विचार येतो का?’ विचारल्याने डोक्यात नसलेला विचार येत नाही, उलट माणूस मोकळा होतो. ‘हो’ म्हटलं तर त्याला एकटं सोडून निघू नका. घरातल्या एकाला सोबत बसवा, तिथूनच १४४१६ लावा आणि त्याच दिवशी वैद्यकीय अधिकाऱ्यांना कळवा. आणि घरात फवारणीचं औषध कुठे ठेवलं आहे ते बघून घ्या. खाटेखाली, छताच्या बल्लीला, न्हाणीघरात, कुठेही असतं. ते त्याच दिवशी घराबाहेर जायला हवं, कुलपाच्या पेटीत, किल्ली दुसऱ्या घरी. कृषी केंद्रवाला ओळखीचा असेल तर माल त्याच्याकडेच ठेवू द्या आणि फवारणीच्या सकाळी लागेल तेवढंच आणायला सांगा.